शंकर गुहा नियोगी : चोवीस तासांची संघटना

भिलाईच्या भट्ट्यांना लागणारे लोहखनिज दल्ली-राजहराच्या डोंगरांतून येते, हे आपण सारेच शाळेत शिकलो. ते हातांनी फोडणाऱ्या कंत्राटी मजुरांची ओळख मात्र पुष्कळांना नियोगींमुळे झाली.

त्यांचा जन्म १९४३ चा, बंगाली कुटुंबातला; मूळ नाव धीरेश. तरुणपणी ते भिलाई पोलाद कारखान्यात कोक ओव्हन विभागात कामाला लागले. कामगार चळवळीपायी ती नोकरी गेली. मग मिळेल ते काम करीत ते छत्तीसगढच्या खेड्यांत राहिले, दाणीटोल्याच्या खाणीत मजुरी केली आणि तिथल्या माणसांचेच होऊन गेले.

आणीबाणीतील कारावासानंतर, १९७७ साली, दल्लीचे मजूर आपण होऊन त्यांच्याकडे आले. नव्या संघटनेची एक मागणी होती पावसाळ्यापूर्वी झोपडी शाकारण्यासाठी शंभर रुपयांची. त्याच लढ्यात २ व ३ जून रोजी पोलिसांच्या गोळीबारात अकरा जणांचे प्राण गेले. त्यांत एक स्त्री होती आणि एक कोवळा मुलगाही.

पुढे मजुरी वाढली आणि वाढलेला पैसा दारूच्या गुत्त्यात जाऊ लागला. इथे नियोगींचे वेगळेपण दिसते. कामाच्या आठ तासांपुरती संघटना त्यांना मान्य नव्हती. उरलेल्या सोळा तासांतील घर, मुले, आजारपण हेही तिचेच काम, असे ते मानीत. स्त्रियांनी पुढाकार घेतला आणि हजारो मजुरांनी दारू सोडली. उपचारांअभावी बाळंतपणात दगावणाऱ्या बाया त्यांनी पाहिल्या होत्या. तेव्हा स्वतःचे रुग्णालय उभारण्याचे ठरले. मजुरांनी वर्गणी दिली, सुटीच्या वेळी विटा-माती वाहिली. ३ जून १९८३ रोजी, हुतात्म्यांच्या स्मृतिदिनी, शहीद रुग्णालय सुरू झाले. १८५७ मध्ये फाशी गेलेल्या वीर नारायणसिंहांची आठवण जागवण्याचे श्रेयही मोठ्या प्रमाणावर याच चळवळीचे. (आमच्या पाठ्यपुस्तकात तेव्हा हे नाव नव्हते.)

१९९० पासून नियोगी भिलाईतील खासगी कारखान्यांच्या कंत्राटी कामगारांसाठी झटू लागले. १९९१ च्या सप्टेंबरात ते कामगारांना घेऊन राष्ट्रपतींना भेटून आले. २८ सप्टेंबरच्या पहाटे, भिलाईतल्या घरी झोपेत असताना, खिडकीतून गोळ्या झाडून त्यांची हत्या झाली. वय अवघे अठ्ठेचाळीस. मारेकऱ्याला सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये जन्मठेप सुनावली. कटाचा आरोप असलेले उद्योजक मात्र निर्दोष सुटले.

लाल-हिरव्या झेंड्यात गुंडाळलेला त्यांचा देह दल्ली-राजहराला नेण्यात आला. तो लाल रंग श्रमिकांचा आणि हिरवा शेतकऱ्यांचा होता.