पहिली तारामती

इ. स. १९१२ मध्ये दादासाहेब फाळके मुंबईत दादर येथे ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटाची सिद्धता करीत होते. राजा मिळाला, दत्तात्रय दामोदर दाबके यांनी ती भूमिका पत्करली. रोहिदास म्हणून दादासाहेबांचा पुत्र भालचंद्र उभा राहिला. परंतु तारामती कोठून आणावी? चित्रपटात काम करणे त्या काळी इतके हीन मानले जाई की, कोणतीही स्त्री त्यास तयार होईना. तेव्हा दादासाहेबांची दृष्टी ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणाऱ्या तरुणाकडे वळली. अंगलट सडपातळ आणि हात नाजूक. त्याचे नाव अण्णा साळुंके.

अण्णांना तेथे दरमहा दहा रुपये मिळत. दादासाहेबांनी पंधरा रुपये देऊ केले आणि अण्णा स्वयंपाकघरातून चित्रशाळेत आले. मार्ग सोपा नव्हता. वडील हयात असता मिशी उतरविणे अशुभ समजत. म्हणून स्त्रीभूमिका करणाऱ्या नटांना ते जिवावर येई. शिवाय मूकपटात शब्दांचा आधार नाही. राज्य गेलेल्या राणीचे आणि पुत्र गमावलेल्या मातेचे दुःख केवळ मुद्रेने व हातांनी प्रकट करावयाचे! दिनांक ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात तो मूकपट लागला. जगाला हसविणारा चार्ली चॅप्लिन तेव्हा अद्याप पडद्यावर आलाही नव्हता.

इ. स. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये अण्णांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. भारतीय चित्रपटातील ती पहिली दुहेरी भूमिका होय. पडद्यावर राम दिसताच प्रेक्षक पादत्राणे काढून ठेवीत, असे सांगतात. ज्या कामाला लोक नाके मुरडीत, त्याच कामापुढे आता त्यांचे हात जुळू लागले.

पुढे स्त्रिया पडद्यावर येऊ लागल्या. अण्णांनी खेद करीत न बसता कॅमेऱ्यामागची विद्या आत्मसात केली आणि छायाचित्रणाचे काम केले.

मुलांनो, एखाद्या कार्याचा आरंभ करणाऱ्याचे नाव आपण स्मरतो, ते योग्यच आहे. परंतु त्याच्या हाकेला प्रथम ओ देणाऱ्यालाही धैर्य लागते. अण्णा साळुंके तसे धैर्यवान होते.