वसतिगृहांचे शिल्पकार : डॉ. बाबासाहेब आंबेडकर

परमपूज्य बाबासाहेबांची चरित्रे पुष्कळ लिहिली गेली आहेत. राज्यघटनेचे शिल्पकार, महाडच्या सत्याग्रहाचे नेते, धम्मक्रांतीचे प्रवर्तक ही त्यांची रूपे घराघरांत पोहोचली आहेत. परंतु आपल्या सार्वजनिक कार्याच्या आरंभीच त्यांनी जे संस्थात्मक काम हाती घेतले, ते एका वसतिगृहाचे होते आणि ते वसतिगृह आपल्या सोलापुरात होते, याची आठवण क्वचितच काढली जाते. निवासी शाळेच्या या स्मरणिकेत आम्ही त्यांचे चरित्र याच बाजूने सांगू इच्छितो.

बाबासाहेबांचा जन्म १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे झाला. बालपण साताऱ्यात गेले. पुढे वडील सुभेदार रामजी यांनी मुंबईत परळच्या डबक चाळीत बिऱ्हाड केले. एकच खोली, तीत माणसे, भांडीकुंडी आणि जातेही. रात्री लवकर निजायचे आणि उत्तररात्री सारे निजलेले असताना उठून दिव्याच्या उजेडात अभ्यास करायचा, असा क्रम पिता-पुत्रांनी ठरविला होता. वडील जागे राहून मुलाला उठवीत. बुद्धिमान मुलालाही अभ्यासासाठी जागा, वेळ आणि जागणारे वडीलधारे माणूस लागते, हे त्या खोलीत सिद्ध झाले. १९०७ साली ते मॅट्रिक झाले.

१९१३ साली बडोद्याच्या सयाजीराव गायकवाड महाराजांच्या शिष्यवृत्तीवर ते न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेले. तेथे विद्यार्थी-निवासात राहताना नवल भथेना या पारशी विद्यार्थ्याशी त्यांची मैत्री जुळली आणि ती आयुष्यभर टिकली. एका छपराखाली राहिल्याने माणसे कशी जवळ येतात, हे त्यांनी परक्या देशात अनुभविले. मायदेशी मात्र उलटे घडले. १९१७ साली बडोद्यात नोकरीवर रुजू होताना त्यांना कोणीही जागा देईना. नाइलाजाने नाव बदलून ते एका पारशी पथिकाश्रमात राहिले. ओळख उघड होताच लाठ्या घेतलेला जमाव दारात आला आणि त्यांना तेथून निघावे लागले. दुसरीकडे कोठेही आसरा मिळाला नाही. सार्वजनिक बागेत काही तास बसून ते रात्रीच्या गाडीने मुंबईस परतले. विद्येने विद्वान केले, तरी समाजाने छप्पर नाकारले.

या अनुभवाचे रूपांतर त्यांनी कटुतेत न करता कार्यात केले. २० जुलै १९२४ रोजी बहिष्कृत हितकारिणी सभेची स्थापना झाली. त्याआधी १९२३ साली मुंबई विधिमंडळात सी. के. बोले यांचा ठराव संमत होऊन सार्वजनिक शाळा कागदोपत्री सर्वांना खुल्या झाल्या होत्या. पण माध्यमिक शाळा प्रामुख्याने शहरांत. खेड्यातल्या अस्पृश्य मुलाला शहरात खोली कोण देणार, आणि जेवण कोठून येणार? शाळेचे दार उघडले, तरी शाळेपर्यंत पोहोचणे बंदच होते. म्हणून ४ जानेवारी १९२५ रोजी सभेने सोलापुरात हायस्कूलच्या विद्यार्थ्यांसाठी वसतिगृह उघडले. राहणे, जेवण, कपडे व लेखनसाहित्य यांचा भार सभेने उचलला. सोलापूर नगरपालिकेने दरमहा ४० रुपयांचे साहाय्य दिले. वसतिगृहातील मुलांनी ‘सरस्वती विलास’ नावाचे मासिक चालविले आणि मोफत वाचनालयही सुरू केले. ज्यांना कालपर्यंत पाटी मिळत नव्हती, ती मुले इतरांना वाचायला देऊ लागली.

या कार्याला पूर्वपरंपरा होती. राजर्षी शाहू महाराजांनी कोल्हापुरात निरनिराळ्या समाजांसाठी वसतिगृहे उघडली होती. १९०८ चे मिस क्लार्क वसतिगृह अस्पृश्य मुलांसाठी होते. बाबासाहेबांजवळ मात्र संस्थानाचा खजिना नव्हता. १९२८ साली मुंबई सरकारने अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठी पाच वसतिगृहे मंजूर केली आणि ती चालविण्याचे काम बाबासाहेबांच्या शिक्षणसंस्थेकडे आले. सरकारी अनुदानात खर्च भागत नसे. तेव्हा मुलांच्या भाकरीसाठी दात्यांकडे शब्द टाकण्यात त्या बॅरिस्टराने कमीपणा मानला नाही.

८ जुलै १९४५ रोजी त्यांनी पीपल्स एज्युकेशन सोसायटी स्थापन केली. १९४६ साली मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय आणि १९५० साली औरंगाबादेत महाविद्यालय सुरू झाले. औरंगाबादच्या महाविद्यालयाला त्यांनी मिलिंद हे नाव दिले आणि परिसराला नागसेनवन. प्रश्न विचारणारा राजा आणि उत्तरे देणारा भिक्खू यांची नावे शेजारी ठेवण्यात त्यांची शिक्षणदृष्टी दिसते. मराठवाड्याच्या खेड्यापाड्यांतून आलेली मुले तेथील वसतिगृहांत राहून शिकली. त्यांतून शिक्षक, लेखक, अधिकारी आणि कार्यकर्ते घडले. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात त्यांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली आणि त्याच वर्षी ६ डिसेंबरला त्यांचे महापरिनिर्वाण झाले.

वेळापूर परिसरातील पालक आजही पोटच्या लेकराला वसतिगृहाच्या दारात सोडून जड पावलांनी परततात. ऊसतोड, मजुरी, स्थलांतर यांत मुलाची शाळा बुडू नये, एवढीच त्यांची इच्छा असते. असे मूल स्वीकारताना संस्था केवळ निवारा देत नाही. ती आईबापांची जागा घेते. ताटातील अन्न, अंथरुणाची स्वच्छता, आजारपणातील काळजी आणि अभ्यासाच्या वेळी कोणी तरी जागे असणे, यांवर तिची परीक्षा होते. अनुदान मिळाले म्हणून ही परीक्षा सोपी होत नाही आणि अनुदान थकले म्हणून ती टळत नाही. माजी विद्यार्थ्यांनी आपल्या कमाईतला वाटा आणि आपला वेळ येथील मुलांना द्यावा, पालकांनी निःसंकोच येऊन व्यवस्था पाहावी व उणिवा सांगाव्यात, आणि आम्ही त्या ऐकून दूर कराव्यात, हेच १९२५ च्या त्या सोलापुरातील वसतिगृहाचे खरे स्मारक होईल.

बाबासाहेबांच्या स्मृतीस आम्हा सर्वांचे विनम्र अभिवादन. जय भीम, नमो बुद्धाय.