हिरावलेली पदके

इ. स. १८८७ साली ओक्लाहोमा हे अमेरिकेतील राज्य अद्याप झालेले नव्हते. गोऱ्या वसाहतवाल्यांनी ठिकठिकाणच्या भूमीवरून हुसकून लावलेल्या मूळ रहिवाशांच्या अनेक जमाती त्या प्रदेशात राहत असत. त्यांपैकी सॅक आणि फॉक्स या जमातीतील एका कुटुंबात त्या वर्षी जुळे मुलगे जन्मास आले. एकाचे नाव चार्ली आणि दुसऱ्याचे जिम. जिम थॉर्प याला जमातीच्या भाषेत आणखी एक नाव होते, वा-थो-हक. त्याचा अर्थ उजळलेली वाट.

ही वाट मात्र फार खडतर निघाली. नऊ वर्षांचा असताना चार्ली आजारी पडून वारला. जिमचे शाळेत मन लागेना. तो वारंवार पळून घरी येई. पुढे आई गेली, काही वर्षांनी वडीलही गेले. १९०४ साली तो पेनसिल्व्हेनियातील कार्लाइल येथील शाळेत दाखल झाला. मूळ रहिवाशांच्या मुलांनी आपली भाषा, आपला वेष आणि आपल्या चालीरीती विसराव्यात, या हेतूने ही शाळा १८७९ साली काढलेली होती. मुलगा आला की त्याचे लांब केस कापून टाकीत. अशा शाळेविषयी कोणाला जिव्हाळा वाटावा? पण तेथे एक क्रीडांगण होते.

१९०७ सालची गोष्ट सांगतात. काही मुले उंच उडीचा सराव करीत होती आणि त्यांना आडवी काठी काही केल्या ओलांडता येत नव्हती. जिम तेथून चालला होता. अंगावर कामाचे जाडेभरडे कपडे, तरी त्याने पावणेसहा फुटांवरची ती काठी पहिल्याच उडीत ओलांडली. शाळेचे क्रीडाशिक्षक पॉप वॉर्नर यांच्या कानावर ही हकीकत गेली आणि त्यांनी त्याला आपल्या चमूत घेतले.

वॉर्नर अमेरिकन फुटबॉलही शिकवीत. मुलांनो, हा आपल्याकडील फुटबॉल नव्हे. यात अंडाकृती चेंडू छातीशी धरून धावायचे असते, आणि धावणाऱ्याला प्रतिपक्ष कवेत धरून खाली पाडतो. चेंडू लाथेने उडवून दोन उंच खांबांमधून धाडला तरीही गुण मिळतात. १९११ साली कार्लाइलच्या मुलांनी हार्वर्ड या नामांकित विद्यापीठाला १८ विरुद्ध १५ गुणांनी हरवले. जिमच्या दुखऱ्या पायाला पट्ट्या बांधलेल्या होत्या, तरी त्याने चार वेळा चेंडू खांबांमधून धाडला आणि एकट्या त्या लाथांनी बारा गुण मिळवून दिले.

१९१२ साली स्वीडनमध्ये स्टॉकहोम येथे ऑलिंपिक सामने भरले. पेंटॅथलॉनमध्ये पाच प्रकार होते. त्यांतले चार जिमने जिंकले. डेकॅथलॉनमध्ये धावणे, उड्या मारणे, गोळा, थाळी आणि भाला फेकणे असे दहा प्रकार तीन दिवस चालले. मध्येच त्याचे बूट नाहीसे झाले. जिमने दोन निरनिराळे, न जुळणारे बूट मिळवले आणि तेच घालून तो मैदानात उतरला. त्याचे ८,४१२ गुण झाले. दुसरा आलेला स्वीडनचा ह्यूगो वीस्लँडर त्याच्या जवळजवळ सातशे गुणांनी मागे राहिला. दोन सुवर्णपदके घेऊन जिम परतला, तेव्हा न्यूयॉर्कमध्ये विजेत्यांची मोठी मिरवणूक निघाली.

सहा महिनेही लोटले नसतील, तोच एका वृत्तपत्राने बातमी छापली. १९०९ आणि १९१० साली उन्हाळ्यात जिम नॉर्थ कॅरोलायनामध्ये थोडेसे पैसे घेऊन बेसबॉल खेळला होता! ऑलिंपिकमध्ये त्या काळी केवळ हौशी खेळाडूंना प्रवेश असे, धंदेवाईकांना नसे. महाविद्यालयांतील कितीतरी मुले असे पैसे मिळवीत, पण ती खोटी नावे लावून खेळत. जिमने आपले खरे नाव लावले होते. त्याने सारे कबूल केले आणि हा नियम आपणास ठाऊक नव्हता, असे पत्राने कळवले. तक्रार तीस दिवसांच्या आत व्हावी, असाही एक नियम होता. तो मात्र कोणी पाहिला नाही. १९१३ साली त्याची दोन्ही पदके काढून घेण्यात आली आणि विजेत्यांच्या यादीतून त्याचे नाव खोडले गेले.

धंदेवाईक ठरवलेला जिम मग खरोखरच धंदेवाईक झाला. १९१३ ते १९१९ तो बेसबॉलच्या मोठ्या संघांतून खेळला. १९१५ साली ओहायोतील कँटन बुलडॉग्ज या फुटबॉल संघाने त्याला दर सामन्याला २५० डॉलर देऊन आपल्याकडे घेतले. त्याला पाहण्यासाठी लोकांची झुंबड उडे. १९२० साली कँटन येथेच धंदेवाईक संघांची एक संघटना स्थापन झाली आणि तिचे पहिले अध्यक्षपद जिमला देण्यात आले. आजची नॅशनल फुटबॉल लीग ती हीच. पुढे केवळ मूळ रहिवाशांच्या ओरँग इंडियन्स या संघातूनही तो खेळला. शेवटचा सामना १९२८ साली खेळला, तेव्हा तो एकेचाळीस वर्षांचा होता.

नंतरचे दिवस हलाखीचे गेले. कधी चित्रपटांत किरकोळ भूमिका, तर कधी कुदळ घेऊन मजुरी. १९३२ साली लॉस एंजेलिस येथे ऑलिंपिक भरले, तेव्हा त्याच्यापाशी तिकिटापुरतेही पैसे नव्हते. उपराष्ट्राध्यक्ष चार्ल्स कर्टिस हे स्वतः मूळ रहिवाशांच्या वंशातील होते. त्यांनी त्याला आपल्याजवळ बसवले आणि प्रेक्षकांनी उभे राहून टाळ्यांचा गजर केला. १९५० साली अमेरिकेतील क्रीडावार्ताहरांनी त्याला अर्ध्या शतकातील सर्वश्रेष्ठ खेळाडू म्हणून निवडले. १९५३ साली तो वारला. पदके तोवर परत आलेली नव्हती.

१९८२ साली ऑलिंपिक समितीने त्याला पुन्हा विजेता मानले आणि पुढच्या वर्षी त्याच्या मुलांना नवी पदके दिली. पण यादीत त्याचे नाव इतरांच्या जोडीने, सहविजेता म्हणून लागले. ज्याला त्याचे सुवर्णपदक देऊ केले होते, त्या वीस्लँडरने स्वतःला विजेता कधीच मानले नव्हते. पुढे समितीने विचारणा केली, तेव्हा वीस्लँडरच्या कुटुंबीयांनी हीच गोष्ट पुन्हा सांगितली. १५ जुलै २०२२ रोजी, म्हणजे त्या डेकॅथलॉनला बरोबर ११० वर्षे झाली त्या दिवशी, दोन्ही स्पर्धांच्या अग्रस्थानी एकट्या जिम थॉर्पचे नाव पुन्हा लिहिले गेले.