कुदळ न विसरलेले गुरुजी

राष्ट्राध्यक्ष झाल्यावरही ज्यांना लोक ‘म्वालिमू’ म्हणजे ‘गुरुजी’ म्हणत राहिले, ते टांझानियाचे ज्युलियस न्येरेरे तुम्हांला नावाने ठाऊक असतील. बुटियामा या खेड्यात १९२२ साली त्यांचा जन्म झाला. बाराव्या वर्षी ते प्रथम शाळेत बसले व १९३७ मध्ये टाबोरा येथील सरकारी माध्यमिक शाळेत दाखल झाले. १९४३ मध्ये त्यांचा बाप्तिस्मा झाला. पुढे ते शिक्षक झाले. परंतु स्वातंत्र्यचळवळीसाठी १९५५ मध्ये त्यांनी नोकरी सोडली.

१९६१ मध्ये देश स्वतंत्र झाला. माध्यमिक शाळेपर्यंत मोजकीच मुले पोहोचत, आणि जी पोहोचत त्यांना आईबापांची कुदळ परकी वाटू लागे. हे शल्य न्येरेरे यांनी १९६७ च्या आपल्या शिक्षणविषयक निबंधात मांडले. प्रत्येक शाळेला शेत असावे, विद्यार्थ्यांनी त्यात राबावे व त्याचा कारभारही पाहावा, असा त्यांचा आग्रह होता. त्यांचे सारेच प्रयोग सफल झाले नाहीत. सत्तरच्या दशकात कुटुंबांना सक्तीने नव्या वसाहतींत हलविण्यात आले, हा दोष त्यांच्या माथी राहतोच.

तरी १९८५ मध्ये सत्ता सोडून ते बुटियामाच्या शेताकडेच परतले. त्यांनी शुभवर्तमाने स्वाहिली पद्यात उतरविली. १४ ऑक्टोबर १९९९ रोजी त्यांचे निधन झाले.

वाचकहो, आपली शिकलेली मुले आपल्या आईबापांच्या घामाकडे कोणत्या नजरेने पाहतात?