शणै गोंयबाब आणि दोन म्हातारे

उत्तर गोव्यातील पेडणे व डिचोली हे तालुके अठराव्या शतकाच्या अखेरीस पोर्तुगीज अमलाखाली आले, म्हणून त्यांची गणना नव्या काबिजादींत होते. तेथे घरी कोकणी आणि शाळेत मराठी, ही रीत जुनीच. त्या डिचोलीत २३ जून १८७७ रोजी वामन रघुनाथ शणै वर्दे वालावलीकर यांचा जन्म झाला. साहित्यात ते शणै गोंयबाब म्हणून ओळखले जातात.

पुढे ते मुंबईस गेले. चारचौघांत कोकणी बोलायला गोवेकर लाजतात, हे त्यांनी तेथे पाहिले. ही लाज घालवायची तर कोकणीत वाचण्याजोगे काही हवे, असे त्यांच्या मनाने घेतले.

त्यासाठी ते फ्रेंच नाटककार मोलियेरकडे वळले. त्याच्या एका प्रहसनावरून त्यांनी १९१३ साली 'मोगाचें लग्न' रचले. 'पोवनाचें तपलें' हे दुसरे नाटक त्याच्या १६६८ सालच्या 'कंजूष' या नाटकावर आधारलेले आहे. मूळ नाटकातील हार्पागों साठी उलटलेला. मोहरांची पेटी त्याने बागेत पुरून ठेवली आहे, आणि मुलाचे जिच्यावर मन जडले तिच्याशीच त्याला स्वतःचे लग्न लावायचे आहे. पैसा आणि तारुण्य, दोन्ही धरून ठेवू पाहणारे हे म्हातारपण आपल्या गावांतही अनोळखी नाही. म्हणूनच ते कोकणीत परके वाटत नाही.

१९४१ साली, वयाच्या ६४ व्या वर्षी, त्यांनी आबे फारिया यांचे चरित्र लिहिले. कांदोळीस १७५६ साली जन्मलेले हे पाद्री पॅरिसला संमोहनविद्येसाठी गाजले आणि तेथेच १८१९ साली वारले. अलेक्झांडर द्यूमा या फ्रेंच कादंबरीकाराने त्यांचे नाव आपल्या कादंबरीतील एका वृद्ध कैद्याला दिले. तो कैदी शेजारच्या कोठडीतील तरुणाला आपली सारी विद्या शिकवतो आणि मरण्यापूर्वी गुप्त धनाचा ठावही सांगून टाकतो.

एक म्हातारा पुरून ठेवणारा, दुसरा वाटून टाकणारा. गोंयबाब दुसऱ्या वाटेने गेले. गोवेकरांच्या स्थलांतराचा इतिहास त्यांनी १९२८ साली दिला, तर 'कोंकणी भाशेचें जैत' १९३० साली. म्हणजे पन्नाशीनंतरच त्यांच्या लेखणीला खरा भर आला. ९ एप्रिल १९४६ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. तो दिवस आता कोकणी दिन म्हणून पाळला जातो.

कोकणी ही मराठीची बोली नव्हे, हे त्यांचे म्हणणे माझ्यासारख्या मराठी शाळेत शिकलेल्याला प्रथम बोचते. पण १९७५ साली साहित्य अकादमीने कोकणीला स्वतंत्र साहित्यभाषा मानले, १९८७ साली ती गोव्याची राजभाषा झाली आणि १९९२ साली घटनेच्या आठव्या परिशिष्टात गेली. त्यामुळे मराठीचे काही उणे झाले नाही. भाषेचे धन पुरून वाढत नाही, ते वाटावेच लागते. मराठी आणि कानडी एकाच अंकात वाचणाऱ्या आपणा विद्यार्थ्यांना हे वेगळे सांगायला नको.