विष्णू माधव घाटगे

विष्णू माधव घाटगे (२४ ऑक्टोबर, इ.स. १९०८ – ६ डिसेंबर, इ.स. १९९१) हे मराठी वैमानिकी अभियंते व विमानरचनाकार होते. भारतीय आराखड्यानुसार भारतातच बांधलेल्या एचटी-२ या प्रशिक्षण विमानाच्या रचनेचे ते प्रमुख होते.

शिक्षण

घाटगे मूळचे कोल्हापूर परिसरातील होत. मुंबई विद्यापीठाचे शिक्षण पूर्ण झाल्यावर ते जर्मनीतील गटिंगेन येथे गेले. तेथे वायुगतिशास्त्रज्ञ लुडविग प्रांटल यांच्या मार्गदर्शनाखाली त्यांनी डॉक्टरेट मिळवली. याच गटिंगेनमध्ये आल्बेर्ट बेट्झ यांनी १९१९ मध्ये ऊर्जेचा कमीत कमी अपव्यय करणाऱ्या प्रोपेलरचा सिद्धान्त मांडला होता. पात्यांची संख्या मर्यादित असल्याने करावी लागणारी दुरुस्ती प्रांटल यांनी त्याला जोडली होती.

कारकीर्द

वालचंद हिराचंद यांच्या पुढाकाराने १९४० मध्ये बंगळूर येथे हिंदुस्थान एअरक्राफ्ट हा कारखाना उभा राहिला. घाटगे तेथे प्रारंभीच्या काळात रुजू झाले. १९४२ मध्ये भारतीय विज्ञान संस्थेत वैमानिकी अभियांत्रिकीचा विभाग सुरू झाला, त्याच्या उभारणीतही त्यांचा मोठा वाटा होता.

एचटी-२

त्या काळी भारतीय वैमानिक टायगर मॉथसारख्या परदेशी रचनेच्या विमानांवर शिकत. कारखान्यात परदेशी आराखड्यांवरून विमाने बांधली जात असली, तरी आराखड्यामागील गणित परक्यांचेच असे. एचटी-२ साठी ते प्रथमच येथे करावे लागले.

अशा विमानात प्रोपेलरच्या रेट्याचा अंदाज कळीचा असतो. प्रोपेलर दर सेकंदाला जितकी हवा मागे लोटतो, तिचे वस्तुमान व तिच्या वेगात पडलेली भर यांचा गुणाकार म्हणजे रेटा. जमिनीवर विमान बांधून ताणकाट्याने मोजलेला रेटा उड्डाणात तेवढाच राहत नाही. वेग वाढतो तसा तो घटतो. उड्डाणातील रेटा काढण्यासाठी इंजिनाची शक्ती व प्रोपेलरची कार्यक्षमता यांच्या गुणाकाराला विमानाच्या वेगाने भागतात. एचटी-२ चे इंजिन १५५ अश्वशक्तीचे होते. कार्यक्षमता ८० टक्के आणि वेग ताशी १८० किलोमीटर धरल्यास रेटा सुमारे १९० किलोग्रॅम भरतो. विमानाचे भारासह कमाल वजन मात्र सुमारे १,०१६ किलोग्रॅम होते. वजनाच्या पंचमांशाहूनही कमी असलेल्या या रेट्यातून हवेचा विरोध वजा जाता जे उरते, त्यावरच विमान वर चढते. हा अंदाज चुकला, तर धावपट्टीच्या टोकाशी त्याची किंमत नवशिक्या वैमानिकाला मोजावी लागते.

ऑगस्ट १९५१ मध्ये एचटी-२ ने पहिले उड्डाण केले. पुढे अशी दीडशेहून अधिक विमाने बांधली गेली व भारतीय हवाई दलाने ती अनेक वर्षे वापरली. काही विमाने घाना देशालाही पुरवण्यात आली.

नंतरचे कार्य

पुष्पक व कृषक ही प्रोपेलरची हलकी विमाने कारखान्याने याच परंपरेत तयार केली. त्यानंतर घाटगे यांच्या नेतृत्वाखाली किरण या जेट प्रशिक्षण विमानाची रचना झाली. त्याचे पहिले उड्डाण १९६४ मध्ये झाले. भारत सरकारने १९६५ मध्ये त्यांना पद्मश्री देऊन गौरविले.

वारसा

एचटी-२ आणि किरण या दोन विमानांवर भारतीय हवाई दलाच्या वैमानिकांच्या अनेक तुकड्या घडल्या. विमान केवळ जोडण्यापासून ते स्वतः आखण्यापर्यंतच्या भारतीय वाटचालीत घाटगे यांचे स्थान आरंभीच्या रचनाकारांत आहे.