मोश्वेश्वे पहिले

मोश्वेश्वे पहिले (जन्म : इ.स. १७८६ च्या सुमारास, मेंखोआनेंग, मृत्यू : ११ मार्च १८७०, थाबा बोसिऊ) हे आफ्रिका खंडाच्या दक्षिण भागातील बासोथो राष्ट्राचे संस्थापक व पहिले राजे होते. आजचा लेसोथो हा देश त्यांच्याच राज्यातून उदयास आला. सुमारे ३०,३५५ चौ. किमी. क्षेत्रफळाचा हा डोंगराळ देश चारही बाजूंनी दक्षिण आफ्रिकेने वेढलेला आहे. एकाच देशाने पूर्णपणे वेढलेली सार्वभौम राष्ट्रे जगात तीनच आहेत. उरलेली दोन म्हणजे इटलीने वेढलेली सान मारिनो व व्हॅटिकन सिटी. लेसोथोला हा विलक्षण आकार कसा प्राप्त झाला आणि त्यासाठी कोणती किंमत मोजावी लागली, याचे उत्तर बव्हंशी मोश्वेश्वे यांच्या चरित्रात सापडते.

पूर्वायुष्य

त्यांचे जन्मनाव लेपोको असे होते. वडील मोखाचाने हे कोएना, म्हणजे मगर हे कुलचिन्ह असलेल्या कुळाच्या एका लहानशा शाखेचे प्रमुख होते. तरुणपणी लेपोको यांनी एका शेजारी प्रमुखाची गुरे पळवून आणली आणि त्या पराक्रमावर स्वतःच प्रशस्तिगीत रचले. त्या प्रमुखाची जणू दाढीच सफाचट केली, असा त्याचा आशय होता. वस्तऱ्याच्या आवाजाचे अनुकरण करणाऱ्या शब्दावरून त्यांना मोश्वेश्वे हे नाव पडले व तेच पुढे रूढ झाले.

त्यांच्या विचारांना वळण लावले ते मोहलोमी या ज्ञानी पुरुषाने. राज्य तलवारीपेक्षा सोयरिकीने व औदार्याने वाढवावे, दुबळ्यांना आश्रय द्यावा आणि चेटकाच्या आरोपावरून कोणाचा जीव घेऊ नये, अशी त्याची शिकवण होती.

लिफाकाने व थाबा बोसिऊ

१८२० च्या दशकात दक्षिण आफ्रिकेतील अनेक जमाती एकमेकींवर कोसळल्या. युद्धे, स्थलांतरे व दुष्काळ यांच्या या कालखंडास सोथो भाषेत लिफाकाने म्हणतात. मोश्वेश्वे तेव्हा बुथा-बुथे येथील डोंगरावर राहत होते. १८२४ मध्ये त्लोक्वा जमातीने त्या डोंगरास वेढा घातला. धान्य संपत आले आणि हे ठिकाण दीर्घकाळ टिकणार नाही, हे ओळखून मोश्वेश्वे यांनी आपल्या लोकांसह दक्षिणेकडे प्रस्थान केले.

या प्रवासात त्यांचे आजोबा पीते यांना, दुष्काळामुळे नरभक्षक बनलेल्या एका टोळीने पकडून खाल्ले. पुढे ही टोळी हाती लागली तेव्हा सूड घेण्याची मागणी झाली. परंतु या माणसांची पोटे हीच आपल्या आजोबांची समाधी आहे, अशी भूमिका घेऊन मोश्वेश्वे यांनी त्यांच्यावर शुद्धीचा विधी केला आणि त्यांना गुरे देऊन वसवले, असे परंपरा सांगते.

नवे ठाणे होते थाबा बोसिऊ, म्हणजे रात्रीचा डोंगर. लोक तेथे रात्री पोहोचले म्हणून हे नाव पडले, असे मानले जाते. चहूबाजूंनी तुटलेले कडे, वर जाण्यासाठी मोजक्याच घळी आणि माथ्यावर गुरांना पुरेल असे गवत व बारमाही झरे असलेले सपाट पठार, अशी या डोंगराची रचना आहे. मोश्वेश्वे यांच्या हयातीत कोणत्याही शत्रूला तो जिंकता आला नाही. १८३१ मध्ये एनदेबेले सैन्य वरून लोटलेल्या दगडांच्या माऱ्याने परतले. तेव्हा वाटेत उपासमार होऊ नये म्हणून मोश्वेश्वे यांनी त्यांच्यामागे बैल पाठवले. एनदेबेलेंनी पुन्हा थाबा बोसिऊवर चाल केली नाही.

राज्याची उभारणी

परागंदा झालेले वेगवेगळ्या कुळांचे लोक थाबा बोसिऊच्या आश्रयाला येऊ लागले. त्यांना जमीन मिळे आणि माफिसा या प्रथेनुसार राजाची गुरे सांभाळण्यास दिली जात. दूध व शेतीसाठी गुरांचा उपयोग सांभाळणाऱ्याने करायचा. मालकी मात्र राजाचीच राही. महत्त्वाचे निर्णय पित्सो नावाच्या खुल्या सभेत चर्चा होऊन घेतले जात.

तथापि हे राज्य केवळ क्षमाशीलतेवर उभे राहिले नाही. मोश्वेश्वे यांनी शेजाऱ्यांच्या गुरांवर छापे घातले आणि १८५३ मध्ये त्लोक्वांचा प्रमुख सेकोन्येला याचा पराभव करून त्याचा मुलूख घेतला. घोडे व बंदुका यांचे महत्त्वही त्यांनी लवकर ओळखले. डोंगराळ वाटांवर काटकपणे चालणारे बासोथो तट्टू आजही प्रसिद्ध आहे.

१८३३ मध्ये कसालिस, आर्बूसे व गोसेलँ हे फ्रेंच प्रॉटेस्टंट मिशनरी त्यांच्या राज्यात आले. मोश्वेश्वे यांनी त्यांना मोरिजा येथे जागा दिली. मिशनऱ्यांनी सोथो भाषा लिपिबद्ध केली. कसालिस हे पुढे अनेक वर्षे राजाचे परराष्ट्र व्यवहारातील सल्लागार होते. मोश्वेश्वे यांनी ख्रिस्ती धर्माबद्दल आस्था दाखवली, पण बहुपत्नीत्वासारख्या प्रथा सोडल्या नाहीत. अखेरपर्यंत त्यांचा बाप्तिस्मा झाला नाही.

ब्रिटिश व बोअर यांच्याशी संघर्ष

१८३० च्या दशकात केप वसाहतीतून बाहेर पडलेले डच वंशाचे बोअर शेतकरी कालेडन नदीच्या परिसरात स्थिरावू लागले. मोश्वेश्वे यांच्या दृष्टीने ही जमीन वापरण्यापुरती दिलेली होती. बोअर ती आपल्या मालकीची मानू लागले. पुढील सर्व युद्धांचे मूळ या मतभेदात आहे.

१८४३ मध्ये केपचे गव्हर्नर नेपियर यांनी करार करून मोश्वेश्वे यांना मित्र राजा म्हणून मान्यता दिली. परंतु १८४९ मध्ये ब्रिटिश अधिकारी वॉर्डन यांनी आखलेल्या सीमारेषेने बासोथोंचा बराच प्रदेश तोडला. डिसेंबर १८५२ मध्ये गव्हर्नर कॅथकार्ट यांनी दंड म्हणून १०,००० गुरे व १,००० घोडे मागितले आणि ते पूर्ण न मिळाल्याने चढाई केली. बेरेया येथील लढाईत बासोथोंनी ब्रिटिश फौजेला रोखले. त्याच रात्री मोश्वेश्वे यांनी पत्र पाठवून, शिक्षा पुरेशी झाली आहे आणि आता शांतता असावी, अशी विनंती केली. कॅथकार्ट यांनी ती स्वीकारून सैन्य मागे घेतले. लढाईत न हरलेल्या राजाने शत्रूला सन्मानाने परतण्याची वाट करून दिली होती.

१८५४ मध्ये ब्रिटिशांनी ऑरेंज फ्री स्टेट हे बोअर प्रजासत्ताक स्वतंत्र होऊ दिले, मात्र त्याची बासोथोंशी असलेली सीमा निश्चित केली नाही. १८५८ च्या युद्धात बोअरांना माघार घ्यावी लागली. १८६५ मध्ये सुरू झालेल्या युद्धात मात्र त्यांनी उभी पिके जाळली व गुरे नेली. थाबा बोसिऊवरील चढाईत त्यांचा सेनानी वेपेनर मारला गेला, तरी उपासमारीपुढे बासोथोंचा नाइलाज झाला. १८६६ च्या तहाने त्यांची बहुतेक सुपीक जमीन गेली आणि पुढच्याच वर्षी युद्धाला पुन्हा तोंड फुटले.

ब्रिटिश संरक्षण

राज्य बोअरांच्या हाती जाणार, असे दिसू लागल्यावर मोश्वेश्वे यांनी ब्रिटिश राणीच्या संरक्षणाची मागणी लावून धरली. १२ मार्च १८६८ रोजी गव्हर्नर वोडहाऊस यांनी बासुटोलँड ब्रिटिश अधिपत्याखाली घेतले. १८६९ मध्ये ॲलिवाल नॉर्थ येथे ब्रिटिश व फ्री स्टेट यांच्यात सीमा ठरली. त्या करारात मोश्वेश्वे यांना स्थान नव्हते. कालेडनच्या पश्चिमेकडील सुपीक जमीन कायमची गेली. त्याच वर्षी ब्रिटिशांचे ठाणे म्हणून वसलेले मासेरू हे आजच्या राजधानीचे शहर देशाच्या मध्यभागी नसून नदीकाठी, ऐन सरहद्दीवर आहे.

मृत्यू व वारसा

११ मार्च १८७० रोजी मोश्वेश्वे यांचे निधन झाले आणि थाबा बोसिऊवरच त्यांचे दफन करण्यात आले. त्यांच्यानंतर पुत्र लेत्सी गादीवर आले. १८७१ मध्ये हा प्रदेश केप वसाहतीला जोडला गेला. केप सरकारने बासोथोंच्या बंदुका काढून घेण्याचा प्रयत्न केला, तेव्हा १८८०–८१ मध्ये त्यांनी यशस्वी उठाव केला. परिणामी १८८४ मध्ये बासुटोलँड थेट ब्रिटिश प्रशासनाखाली आले. १९१० मध्ये दक्षिण आफ्रिका संघराज्य स्थापन झाले, तेव्हा ते त्यात विलीन झाले नाही आणि म्हणूनच पुढे वर्णभेदी राजवटीचा भाग बनले नाही. ४ ऑक्टोबर १९६६ रोजी लेसोथो स्वतंत्र झाला. त्या वेळचे राजे मोश्वेश्वे दुसरे हे त्यांचेच वंशज होते.

गेलेल्या जमिनीची झळ मात्र नंतरच्या पिढ्यांना लागली. शेतीयोग्य जमीन थोडीच उरल्याने लेसोथोतील असंख्य पुरुषांना दक्षिण आफ्रिकेतील खाणींत मजुरीसाठी जावे लागले. ११ मार्च हा दिवस लेसोथोत मोश्वेश्वे दिन म्हणून पाळला जातो व त्या दिवशी सार्वजनिक सुटी असते. देशाच्या आंतरराष्ट्रीय विमानतळास त्यांचे नाव आहे, तसेच दक्षिण आफ्रिकेत लोकप्रिय असलेल्या श्वेश्वे या छापील सुती कापडाचे नावही त्यांच्यावरूनच पडल्याचे मानले जाते.